अवमानाचा बडगा फक्त झोपडीवरच का?

'हायकोर्टाचा आदेश आहे, आमचा नाइलाज आहे.' गायरानावर घर असलेल्या आपल्या माणसाने तहसील कचेरीत जाऊन नोटिशीबद्दल विचारले की हे एकच वाक्य ऐकायला मिळते. त्याच कचेरीत दुसऱ्या टेबलावर त्याच गावच्या धनदांडग्याच्या अतिक्रमणाची फाईल वर्षानुवर्षे धूळ खात पडलेली असते, आणि तिच्याबाबत मात्र 'मोजणी व्हायची आहे', 'पोलीस बंदोबस्त मिळत नाही', 'वरिष्ठांचे मार्गदर्शन मागविले आहे' अशी उत्तरे तयार असतात. न्यायालय एक, कायदा एक, अधिकारीही एकच. मग न्यायालयाच्या अवमानाची भीती एका फाईलला वाटते आणि दुसरीला का वाटत नाही, याचा विचार आंबेडकरी जनतेने भावनेच्या भरात नव्हे तर कायद्याची कलमे समोर ठेवून केला पाहिजे.

प्रथम मूळ निकालाकडे जाऊ. २८ जानेवारी २०११ रोजी सर्वोच्च न्यायालयाने जगपाल सिंग विरुद्ध पंजाब राज्य या प्रकरणात निकाल दिला. न्या. मार्कंडेय काटजू आणि न्या. ज्ञानसुधा मिश्रा यांचे ते खंडपीठ. प्रकरण पतियाळा जिल्ह्यातील एका गावच्या तळ्याचे होते. गावाच्या सामाईक तळ्यात भराव टाकून काहींनी घरे बांधली आणि जिल्हाधिकाऱ्याने पैसे भरून घेऊन ती कायम करण्याचा मार्ग काढला. न्यायालय संतापले ते यावर. पैशाच्या आणि दंडेलीच्या जोरावर, अधिकाऱ्यांशी आणि प्रसंगी ग्रामपंचायतीशीही संगनमत करून गावाची सामाईक जमीन बळकावणाऱ्यांवर त्या निकालाचा रोख आहे. सर्व राज्यांनी अशी अतिक्रमणे काढण्यासाठी योजना तयार करावी असे निर्देश न्यायालयाने दिले आणि त्यावरून महाराष्ट्र शासनाने १२ जुलै २०११ चा शासन निर्णय काढला. आज जी नोटीस आपल्या हातात पडते तिच्यात या शासन निर्णयाचा उल्लेख हमखास असतो.

पण नोटीस काढणारा अधिकारी त्या निकालाचा अर्धाच भाग वाचतो! त्याच निकालात न्यायालयाने दोन गोष्टी स्पष्ट सांगितल्या आहेत. पहिली, अतिक्रमण काढण्याच्या योजनेत कारणे दाखवा नोटीस आणि थोडक्यात का होईना पण सुनावणी असली पाहिजे. दुसरी गोष्ट आपल्यासाठी फार मोलाची आहे. नियमानुकूल करणे हे अपवादात्मक प्रकरणांतच करावे असे सांगताना न्यायालयाने अपवादांची उदाहरणेही दिली: शासनाच्या अधिसूचनेनुसार भूमिहीन मजुरांना किंवा अनुसूचित जाती-जमातीच्या लोकांना पट्ट्याने दिलेली जमीन, आणि शाळा, दवाखाना यांसारख्या सार्वजनिक सोयी जिथे आधीच उभ्या आहेत ती जमीन. म्हणजे ज्या निकालाचा हवाला देऊन भूमिहीन बौद्धाला, मातंगाला, पारध्याला हुसकावले जाते त्याच निकालाने त्याच्यासाठी एक दरवाजा उघडा ठेवला आहे. आपल्या किती कार्यकर्त्यांनी हा परिच्छेद झेरॉक्स काढून नोटिशीच्या उत्तराला जोडला?

त्यानंतर २०२२ साली मुंबई उच्च न्यायालयाने स्वतःहून जनहित याचिका दाखल करून घेतली. शासनाने प्रतिज्ञापत्रावर जी माहिती दिली तिच्यानुसार राज्यातील गायरानाचे क्षेत्र साडेचार लाख हेक्टरच्या आसपास आणि त्यापैकी अतिक्रमणाखाली दहा हजार हेक्टरहून थोडे अधिक. बांधकामांची संख्या मात्र सव्वादोन लाखांच्या घरात! तत्कालीन मुख्य न्यायमूर्ती दीपांकर दत्ता यांच्या खंडपीठाने ६ ऑक्टोबर २०२२ रोजी ही अतिक्रमणे वर्षअखेरपर्यंत काढण्यास सांगितले आणि नोव्हेंबरात गावोगाव नोटिसांचा पाऊस पडला. जी यंत्रणा दहा-दहा वर्षे हलली नव्हती ती आठ दिवसांत घराघरांवर नोटिसा डकवू लागली.

ही आकडेवारी जरा बारकाईने पाहा. एकूण गायरानाच्या सव्वादोन टक्क्यांच्या आसपास जमीन अतिक्रमणाखाली. बाकीची सत्त्याण्णव टक्के जमीन खरोखर गुरांच्या तोंडी लागते काय? कागदोपत्री गायरान म्हणून शिल्लक असलेल्या जमिनीतले मुरूम-दगड कुणाच्या डंपरमधून जातात, कुणाच्या संस्थेची इमारत गायरानाच्या गटात उभी आहे, हे गावात प्रत्येकाला ठाऊक असते. तलाठ्याच्या नोंदीत मात्र पत्र्याची झोपडी आधी येते. झोपडी मोजायला सोपी असते. संस्थेच्या फाटकावर पहारेकरी असतो.

गायरान आणि आपला संबंध आजकालचा नाही. गावकुसाबाहेर ठेवलेल्या माणसाला स्वतःच्या मालकीची जमीन मिळू नये अशीच गावाची रचना होती. वतनाची म्हणून जी जमीन होती ती गुलामीचे वेतन होती आणि पुढे तीही कशी हातची गेली, हे २०२५ च्या नोव्हेंबरात पुण्याजवळच्या मुंढव्यातील चाळीस एकर महार वतनाच्या जमिनीचा व्यवहार गाजला तेव्हा साऱ्या महाराष्ट्राने पुन्हा एकदा पाहिले. परमपूज्य डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९४७ च्या 'राज्य आणि अल्पसंख्याक' या निवेदनात पडीक सरकारी जमिनीवर अस्पृश्यांच्या स्वतंत्र वसाहती वसविण्याची मागणी राज्यघटनेच्या कलमाच्या स्वरूपात मांडली होती. कर्मवीर दादासाहेब गायकवाडांनी मराठवाड्यात, पुढे १९५९ साली महाराष्ट्रभर आणि १९६४-६५ साली देशभर भूमिहीनांचे सत्याग्रह केले. लाखो सत्याग्रही तुरुंगात गेले, त्यात लेकुरवाळ्या बायाही होत्या. 'कसणाऱ्याला पडीक जमीन द्या' एवढीच मागणी होती. त्या रेट्याचेच फळ म्हणून शासनाला वेळोवेळी गायरानावरील वहिवाट कायम करण्याचे निर्णय घ्यावे लागले. त्यातला २८ नोव्हेंबर १९९१ चा शासन निर्णय महत्त्वाचा. १ एप्रिल १९७८ ते १४ एप्रिल १९९० या काळातील भूमिहीनांची शेतीसाठीची अतिक्रमणे नियमानुकूल करण्याचे त्यात ठरले. तारीख बाबासाहेबांच्या जयंतीची निवडली. अंमलबजावणी मात्र निवडक गावांतच झाली. पस्तीस वर्षांपूर्वी अर्ज केलेला माणूस निर्णयाची वाट पाहत मरून गेला आणि त्याच्या मुलाला आज 'अतिक्रमक' म्हणून नोटीस येते. हा दोष मुलाचा की अर्जावर बसून राहिलेल्या कचेरीचा?

आता अवमानाच्या कायद्याकडे वळू, कारण याबाबत आपल्या कार्यकर्त्यांत बरेच गैरसमज आहेत. न्यायालय अवमान अधिनियम १९७१ नुसार अवमान दोन प्रकारचा: दिवाणी आणि फौजदारी. न्यायालयाचा आदेश, निकाल किंवा न्यायालयाला दिलेली हमी 'हेतुपुरस्सर' मोडणे हा दिवाणी अवमान. शिक्षा जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद किंवा दोन हजार रुपये दंड किंवा दोन्ही. दोन हजारांचा आकडा ऐकून हसू येईल, पण अधिकाऱ्याला भीती वाटते ती दंडाची नव्हे. स्वतःच्या नावाने उच्च न्यायालयात उभे राहण्याची, सेवापुस्तकात नोंद होण्याची, बढती अडकण्याची ती भीती आहे. म्हणूनच अवमान याचिका 'तहसीलदार, अमुक तालुका' अशी पदावर करून भागत नाही. आदेश कळलेला असताना ज्याने तो पाळला नाही त्या व्यक्तीला नावानिशी प्रतिवादी करावे लागते. साहेब बदलून गेले तर नव्या साहेबांना आदेशाची प्रत पुन्हा पोहोच घेऊन द्यावी लागते. नाहीतर 'मला माहीतच नव्हते' हा बचाव तयार असतो.

तहसीलदाराचा किंवा जिल्हाधिकाऱ्याचा अतिक्रमण काढण्याचा आदेश कुणी पाळला नाही म्हणून थेट अवमान याचिका करता येते, असे अनेकांना वाटते. तसे नाही. तो प्रशासकीय आदेश आहे. त्याची अंमलबजावणी होत नसेल तर घटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट करून 'तुमचे कर्तव्य पार पाडा' असा परमादेश आधी मिळवावा लागतो. तो मोडला की मग अवमान. दिवाणी न्यायालयाचा मनाई हुकूम मोडला असेल तर त्याच न्यायालयात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९ नियम २-अ खाली अर्ज करता येतो. त्यासाठी मुंबई-औरंगाबाद-नागपूरच्या खंडपीठाची पायरी चढण्याची गरज नसते.

आणि आदेशाची भाषा! यातच आपली सर्वाधिक फसगत होते. 'याचिकाकर्त्याच्या निवेदनावर आठ आठवड्यांत निर्णय घ्यावा' असा आदेश मिळाला की गावात पेढे वाटले जातात. पण हा आदेश अतिक्रमण काढण्याचा नाहीच! अधिकाऱ्याने सातव्या आठवड्यात 'निवेदन निकाली काढण्यात येत आहे' असे चार ओळींचे पत्र दिले की त्याने आदेश पाळला. अवमानाचे न्यायालय मूळ आदेशाच्या पलीकडे जाऊन नवा आदेश देत नाही. म्हणून वकिलाकडे आग्रह धरावा तो असा की आदेशात गट क्रमांक, क्षेत्र, मोजणीची तारीख, काढण्याची मुदत आणि जबाबदार अधिकाऱ्याचे पद या गोष्टी याव्यात. न्यायालयात सरकारी वकिलाने 'आम्ही तीन महिन्यांत काढतो' असे सांगितले तर ते विधान आदेशात हमी म्हणून नोंदवून घ्यावे. नोंदवलेली हमी मोडणे हाही अवमानच.

प्रस्तुत लेखकाने चालविलेले एक प्रकरण सांगतो, कारण त्यातून यंत्रणेची चाल कळते. एका गावच्या बौद्धांची स्मशानभूमी. कागदावर वीस गुंठे, जागेवर चार गुंठेसुद्धा नाही. उरलेल्यात शेजारच्या बागायतदाराचा ऊस. मयत झाली की लोक ओढ्याच्या काठी सरण रचत. पावसाळ्यात एका म्हातारीला दोन दिवस घरात ठेवावे लागले तेव्हा तरुणांनी ठरवले की आता न्यायालय. आदेश मिळाला, स्पष्ट मिळाला. मग सुरू झाले ते नेहमीचे: मोजणीदार रजेवर, मोजणी झाली तर हद्दीच्या खुणा गायब, खुणा रोवल्या तर 'पीक उभे आहे, तोडणीनंतर पाहू', तोडणी झाली तर खोडवा! अखेर अवमानाची नोटीस साहेबांच्या नावाने निघाली आणि सुनावणीच्या तीन दिवस आधी जेसीबी, पोलीस, पंच असे सगळे एकाच सकाळी हजर. जे काम दोन वर्षे 'अशक्य' होते ते दुपारच्या जेवणाआधी संपले.

स्थानिक संस्थांचे कर्तव्य हे कुणाच्या मर्जीचे काम नव्हे. महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियमाच्या कलम ५३ ने ग्रामपंचायतीला रस्त्यावरील व सार्वजनिक जागेवरील अतिक्रमण काढण्याचा अधिकार दिला आहे. शासकीय जमिनीबाबत जमीन महसूल संहिता १९६६ चे कलम ५० जिल्हाधिकाऱ्याला तो अधिकार देते. आणि त्याच संहितेचे कलम ५१ नियमानुकूल करण्याचा अधिकारही देते, हे मात्र कुणी सांगत नाही. 'निधी नाही, माणसे नाहीत' हा बचाव सर्वोच्च न्यायालयाने १९८० साली रतलाम नगरपालिकेच्या प्रकरणातच फेटाळला. न्या. कृष्णा अय्यर यांनी तेव्हा नगरपालिकेला बजावले की पैशाची अडचण सांगून वैधानिक कर्तव्य टाळता येणार नाही. दलितांची स्मशानभूमी, वस्तीचा रस्ता, विहाराची जागा यांवरील अतिक्रमण हटवताना हा निकाल आपला आहे. पाण्याच्या, रस्त्याच्या, स्मशानाच्या जागा अडवून ठेवणाऱ्यांच्या विरोधात आपण उभे राहिलेच पाहिजे. तिथे जातीचा माणूस निघाला तरी. सामाईक जमीन वाचली तर तिचा सर्वाधिक उपयोग ज्याला स्वतःची जमीन नाही त्यालाच आहे.

अधिकाऱ्यांना शिक्षा होतच नाही, असाही एक निराशेचा सूर ऐकू येतो. तो खरा नाही. मे २००६ मध्ये याच महाराष्ट्राचे मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि त्यांच्या खात्याचे सचिव अशोक खोत यांना आरागिरण्यांच्या प्रकरणात आदेश डावलल्याबद्दल सर्वोच्च न्यायालयाने एक महिन्याची कैद सुनावली. ताजे उदाहरण याहून बोलके आहे. आंध्र प्रदेशातील गुंटूर येथे उच्च न्यायालयाचा आदेश असताना एका तहसीलदाराने गरिबांच्या झोपड्या पाडल्या. उच्च न्यायालयाने त्याला दोन महिन्यांची कैद दिली. पुढे तो उपजिल्हाधिकारी झाला. ९ मे २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या न्या. भूषण गवई व न्या. ऑगस्टीन मसीह यांच्या खंडपीठाने कैदेऐवजी त्याला उपजिल्हाधिकारी पदावरून पुन्हा तहसीलदार पदावर उतरवले आणि एक लाख रुपये दंड केला. अमरावतीचे, रिपब्लिकन नेते रा. सू. गवई यांचे चिरंजीव असलेले न्या. गवई त्यानंतर पाचच दिवसांनी सरन्यायाधीश झाले. आंबेडकरी वृत्तपत्रांनी त्यांच्या शपथविधीचे फोटो पानभर छापले, ते योग्यच होते. पण हा निकाल प्रत्येक वस्तीच्या फलकावर लागायला हवा होता. अवमानाचा कायदा झोपडी पाडण्यासाठी जसा वापरता येतो तसाच झोपडी पाडणाऱ्याविरुद्धही वापरता येतो, हे त्यातून लोकांना कळले असते.

१३ नोव्हेंबर २०२४ चा बुलडोझरबाबतचा निकालही न्या. गवई व न्या. विश्वनाथन यांच्या खंडपीठाचा. पाडण्यापूर्वी किमान पंधरा दिवसांची नोटीस, वैयक्तिक सुनावणी, कारणांसह आदेश आणि हे न पाळणारा अधिकारी अवमानास व नुकसानभरपाईस व्यक्तिशः जबाबदार, असे त्यात आहे. मात्र इथे उत्साहात चूक होऊ नये. रस्ता, पदपथ, रेल्वेमार्गालगतची किंवा नदी-जलाशयालगतची जागा अशा सार्वजनिक ठिकाणची अनधिकृत बांधकामे आणि जिथे न्यायालयाचाच पाडण्याचा आदेश आहे अशी प्रकरणे त्यातून वगळली आहेत. अधिकारी उद्या हाच मुद्दा पुढे करील. त्याला उत्तर असे की ज्या जगपाल सिंग निकालावर तुमची सारी कारवाई उभी आहे त्यानेच नोटीस आणि सुनावणी सांगितली आहे. फुटपाथवर राहणाऱ्यांनाही ऐकून घेण्याचा हक्क आहे हे तर १९८५ च्या ओल्गा टेलिस निकालापासून चालत आले आहे.

अतिक्रमणाच्या कायद्याचा आणखी एक वापर गावोगाव चालू आहे. ग्रामपंचायत अधिनियमाच्या कलम १४ नुसार शासकीय जागेवर अतिक्रमण करणारा सदस्य अपात्र ठरतो, आणि २०१८ साली सर्वोच्च न्यायालयाने जनाबाई प्रकरणात ही अपात्रता अतिक्रमणाचा लाभ घेणाऱ्या कुटुंबीयांनाही लागू केली. तत्त्व म्हणून ते ठीकच. पण राखीव जागेवर निवडून आलेल्या आपल्या भगिनीला खाली खेचायचे तर सर्वांत सोपे हत्यार कोणते? तिच्या सासऱ्याने चाळीस वर्षांपूर्वी बांधलेले घर! ज्या गावाने त्या कुटुंबाला गावठाणात कधी जागाच दिली नाही तेच गाव मग 'अतिक्रमण केले' म्हणून तक्रार करते. जळगाव जिल्ह्यातील एका महिला सरपंचाची अशीच अपात्रता सप्टेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने रद्द केली आणि महिला सरपंच झाली हे गावकऱ्यांना पचले नाही, अशा आशयाचे खडे बोलही सुनावले. ती बाई सर्वोच्च न्यायालयापर्यंत पोहोचली. बाकीच्या जिल्हाधिकाऱ्याच्या आदेशानंतर घरी बसतात.

ज्यांच्या नावे गायरानाचा पट्टा झाला आहे आणि तरी जमीन दुसराच कसतो आहे, त्यांच्यासाठी अत्याचार प्रतिबंधक कायदा आहे. २०१५ च्या दुरुस्तीनंतर कलम ३(१)(एफ) मध्ये अनुसूचित जाती-जमातीच्या माणसाच्या मालकीची, ताब्यातील किंवा त्याला वाटप झालेली जमीन बळकावणे आणि (जी) मध्ये त्याला बेकायदा हुसकावणे हा गुन्हा आहे. कर्तव्यात हेतुपुरस्सर कसूर करणाऱ्या लोकसेवकासाठी कलम ४ आहे. पोलीस ठाण्यात 'हा महसुलाचा वाद आहे' म्हणून परत पाठवले जाते. तेव्हा ही कलमे लेखी अर्जात लिहून पोहोच घ्यावी.

अवमान याचिकेची मुदत एक वर्षाची आहे (कलम २०). 'साहेब करतो म्हणाले' या शब्दावर विसंबून अकरा महिने काढणारे पक्षकार दर महिन्याला भेटतात. आदेशाची मुदत संपली त्या दिवसापासून वर्ष मोजायला लागावे.

आणि ज्यांच्या घरावर नोटीस आली आहे त्यांनी मोर्चाला जरूर जावे, पण मोर्चाच्या आदल्या दिवशी तलाठ्याकडे, म्हणजे आताच्या ग्राम महसूल अधिकाऱ्याकडे, जाऊन गाव नमुना एक-ई चा उतारा मागावा. ती अतिक्रमणांची नोंदवही आहे. बापाचे नाव त्या वहीत ज्या साली चढले ते साल १४ एप्रिल १९९० च्या आधीचे असेल तर ज्या नोंदीने त्याला अतिक्रमक ठरवले तीच नोंद त्याच्या वहिवाटीचा पुरावा होते. जोडीला त्या काळच्या दंडाच्या पावत्या, पीकपाहणी, मतदार यादी, शाळेचा दाखला आणि असेल तर सत्याग्रहातील तुरुंगवासाचा कागद. अनेकांच्या घरी तो पत्र्याच्या पेटीत, बाबासाहेबांच्या जुन्या फोटोमागे ठेवलेला असतो. उतारा तोंडी नाकारला तर माहितीच्या अधिकारात अर्ज टाकावा, आणि नोटिशीच्या उत्तरात 'उतारा मागितला आहे, तो मिळेपर्यंत सुनावणी ठेवावी' असे लिहून त्या अर्जाची पोहोच जोडावी.